भिंतीवर काढलेली भेग

गेल्या आठवड्यात नातू मला हुरडा खायला घेऊन गेला. चाकणच्या रस्त्याला, दोन कारखान्यांच्या मधल्या मोकळ्या जागेत कुणीतरी 'अस्सल गावाकडचं' हॉटेल काढलं आहे. दाराशी बैलगाडीचं चाक, आत बाजा टाकलेल्या, वाढणाऱ्या पोरांच्या डोक्याला फेटे. इथवर माझं काही म्हणणं नव्हतं. हुरडा कोवळा होता, चटणीही बरी होती. हात धुवायला म्हणून उठले आणि भिंतीपाशी थांबले. मातकट रंगाची भिंत, आणि तिच्यावर वरपासून खालपर्यंत गेलेली एक भेग. मी बोट लावून पाहिलं. भेग नव्हतीच, रंगवलेली होती. वर कोपऱ्यात कोळिष्टक लोंबत होतं, तेही विकत आणून लावलेलं.

"आजी, कसलं भारी केलंय ना? एकदम ओरिजिनल," नातू म्हणाला.

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. पोराचा दोष नाही. त्याला मनापासून वाटतं की आपल्या आजीची आई अशाच घरात राहत होती. तसं त्यानं सिनेमात पाहिलं आहे, टीव्हीवर पाहिलं आहे. आणि सिनेमात, टीव्हीवर असली घरं सजवण्यात ज्याची उभी हयात गेली तो माझा सख्खा भाऊ. आता ही तक्रार मी न्यायची कुणाकडे? दादा जाऊनही बरीच वर्षं झाली.

घरी येऊन पडले, पण नाकात हुरड्याचा वास राहिला होता. त्या वासाबरोबर सुगी आली, आणि सुगी आली की मला ती एक सुगी आठवतेच. पन्नासच्या दशकाची मधली वर्षं. मी सतरा-अठरा वर्षांची. आमचं गाव मारुंजी, तेव्हा सगळी ज्वारी-हरभऱ्याची. आता तिथे भाड्याच्या खोल्यांच्या इमारती आहेत, आणि गॅलऱ्यांतून वाळत घातलेल्या जीन पँटी. राहणारी पोरं बिचारी चांगली आहेत, त्यांच्याशी माझं भांडण नाही. आमच्या खळ्याच्या जागेवर मोटारी उभ्या असतात, तिकडेही मी आता बघत नाही.

खळं करायचं म्हणजे काय असतं ते आता कुणाला सांगावं? जमीन ओली करायची, चोपणीनं बडवायची, शेणानं सारवायची, पुन्हा बडवायची. मधोमध तिवड्याचा खांब रोवायचा. त्या तिवड्याभोवती तोंडाला मुसकी बांधलेले बैल फिरत राहायचे आणि कणसं मोडत जायची. चप्पल घालून खळ्यात पाऊल टाकलं तर आबा, म्हणजे माझे वडील, नुसते बघायचे. तेवढ्यानं माणूस बाहेर जायचा. ज्वारीची बारीक, टोचरी कूस मानेत, कोपरांत, पापण्यांत शिरायची आणि खाजवून जीव नकोसा व्हायचा. सुपातून धान्य उफणताना वारा पडला की सगळे हात थांबायचे, आणि वारा येईपर्यंत कुणी मोठ्यानं बोलायचंसुद्धा नाही. धान्याची रास झाली की तिच्यावर पाणी शिंपडून, नारळ फोडून मगच ती मोजायची. माझ्या आयुष्यातला सगळ्यात सुंदर रंग कोणता विचाराल तर उन्हं कलताना त्या राशीचा होता तो.

रास घरात आली की आईची सुगी सुरू व्हायची. ती भिंतींची. ओढ्याच्या पलीकडच्या दरडीतून ती पांढरी माती आणायची, घंगाळात भिजत घालायची, आणि पोतेऱ्यानं घराच्या सगळ्या भिंती आतून-बाहेरून पांढऱ्या करायची. त्या वाळल्या की खाली, जमिनीला लागून, काव लावायची. काव म्हणजे तांबडी माती, बाजारातून पुडीनं आणलेली. वीतभर रुंद पट्टा, सगळ्या घराला फिरलेला. त्याची वरची रेघ आई दोरी न लावता नुसत्या नजरेनं ओढायची, उजव्या हाताची तीन बोटं भिंतीवर टेकवत, पुढे सरकत. ती रेघ कुठे वर गेली नाही की खाली आली नाही. गावातल्या सगळ्याच बायका काव लावायच्या, पण आईची रेघ बघायला बायका थांबायच्या. आमच्याकडे दागिना असा नव्हता. होती ती ही रेघ.

दादाचा हात आईकडूनच आला असणार. तो बैलांची शिंगं रंगवायचा तेव्हा शेजारच्या गावची माणसं आपले बैल घेऊन यायची. जत्रेत पालखीचं मखर त्याच्याकडे. मग पुण्याला एका पाट्या रंगवणाऱ्याकडे लागला, आणि तिथून एका सिनेमाच्या स्टुडिओत. सेट उभे करायचं खातं वेगळं आणि ते सजवायचं वेगळं, हे मला त्याच्याकडून कळलं. सुतार भिंत करतो, आणि त्या भिंतीत कोण राहतं ते दादा ठरवायचा. कोनाड्यात काय ठेवायचं, खुंटीला काय अडकवायचं, उंबऱ्यापाशी चपला किती. पहिली काही वर्षं त्यानं राजवाडेच सजवले. पुठ्ठ्याचे खांब, काचेची झुंबरं, सोनेरी कागदाची सिंहासनं. सुट्टीत आला की तो आम्हाला राजवाड्यांची वर्णनं ऐकवायचा आणि आई हातातलं काम न सोडता ऐकायची. बाहेर कुणाला मात्र आम्ही 'दत्तू पुण्याला रंगारी आहे' एवढंच सांगायचो. सिनेमात आहे म्हटलं की लोक पोराकडे आणि मग पोराच्या बहिणीकडे कसे बघायचे, ते तेव्हाच्या माणसांना विचारा.

त्या वर्षी मला कासारवाडीचं स्थळ आलं होतं. मुलगा पिंपरीला नव्यानं निघालेल्या एका कारखान्यात कायम झालेला. मुलगा मी लांबूनच पाहिला होता, बरा होता. पण खरं सांगायचं तर माझा जीव त्या मुलात नव्हता, कासारवाडीत होता. कासारवाडीला स्टेशन होतं. स्टेशनातून पुण्याला गाडी जात होती आणि पुण्याला मास्तरणीचं ट्रेनिंग होतं. मी सातवी फायनल पास झालेली. मुलाकडच्यांनी आपण होऊन म्हटलं होतं, शिकायचं असेल तर शिकू दे, आमची ना नाही. मारुंजीतून रोज पुणं गाठणं तेव्हा शक्य नव्हतं. म्हणजे माझी शाळा, माझी नोकरी, पुढचं सगळं त्या एका स्थळावर अवलंबून होतं. सुगी आटपली की होळीच्या आधी ते घरी बोलणी करायला येणार होते.

आणि त्याच सुगीत दादा त्याच्या डायरेक्टरला घेऊन आला. सिनेमात आता राजवाडे नको होते. गाव हवं होतं, शेतकऱ्याचं घर हवं होतं, खरंखुरं. साहेबांना आमचं घर पसंत पडलं. आबांची छाती फुगली. आई तर हरखूनच गेली. आपलं घर सिनेमात येणार, पुण्या-मुंबईची माणसं ते बघणार. शूटिंगवाले येणार म्हणून तिनं त्या वर्षी भिंतींना एकाऐवजी दोन हात दिले. काव दोनदा लावली. भांडी चिंचेनं घासून फळीवर अशी मांडली की दारातून आलेलं ऊन त्यांच्यावर पडावं. नवी गोधडी काढून बाजेवर अंथरली.

साहेब आले, दारात उभे राहिले आणि म्हणाले, "दत्तोबा, हे काय? हे फारच नीटनेटकं झालं. यात गरिबी कुठे दिसते?"

आई दाराआड होती. ती पदर सावरून पुढे आली. "आमी गरीब हाय, असं कुनी सांगितलं तुमास्नी?"

"तसं नाही हो, आई. आमच्या गोष्टीतलं घर गरिबाचं आहे."

"असंल की. गरीब हाय म्हंजी घान हाय व्हय?"

साहेब हसले. माणूस वाईट नव्हता, हसणंही प्रेमळच होतं. ते म्हणाले, "आई, तुमचं घर अजरामर होणार बघा." आणि दादाकडे वळून म्हणाले, "उद्यापर्यंत बघ काय ते."

मग दादानं बघितलं. बघितलं म्हणजे काय केलं ते सांगते, कारण याची अक्कल त्याला फार होती आणि त्याबद्दल त्याला पुढे मानही मिळाला. त्यानं सरसात काजळी कालवली आणि बारीक कुंचल्यानं समोरच्या भिंतीवर भेग काढली. खोटी म्हणून कुणी ओळखणार नाही अशी भेग. चहाचं पाणी उकळून भिंतीवर ओघळ सोडले. काव खरवडून तुटक केली. फळीवरची भांडी उतरवली आणि एक पोचे आलेलं भगुलं ठेवलं. आईची गोधडी रंगीत म्हणून बाद झाली. तिच्या जागी पुण्याच्या जुन्या बाजारातून आणलेली चिंध्या लोंबणारी वाकळ आली. शेवटी त्यानं रबराचं द्रावण हातानं फिरवायच्या पंख्यासमोर धरलं आणि आढ्याला, कोपऱ्याला कोळिष्टकं उडवली. आई दर अवसेला झाडू काठीला बांधून घरातली जळमटं काढायची. आज तिच्या पोटचा पोरगा यंत्र लावून ती घालत होता. ती अंगणात उभी राहून बघत होती.

आमचं सामान गोठ्यात गेलं. गुरं अंगणात आंब्याखाली आली. आम्ही खळ्यावरच्या मांडवात राहायला गेलो आणि चूलही तिथेच मांडली. दादानं बजावलं होतं, "जसंच्या तसं राहिलं पाहिजे. एक काडी इकडची तिकडे व्हायला नको. आज घेतलेलं आणि उद्या घेतलेलं पडद्यावर एकच दिसायला पाहिजे." म्हणून काम बंद असलं तरी घराला हात लावायची बंदी. आई दिवसभर अंगणातल्या दगडावर बसून आपल्याच घराची राखण करायची, कुणी ते साफ करू नये म्हणून.

ज्या दिवशी पाहुणे आले त्या दिवशी शूटिंग नव्हतं. हिरॉइनला सर्दी झाली होती. कॅमेरा पुण्याला गेलेला, दिवे गेलेले, दादाही गेलेला. राहिलं होतं ते फक्त घर. कासारवाडीची मंडळी हिंजवडीला कुणाच्यातरी दहाव्याला आली होती. एवढ्या जवळ आलोच आहोत तर भेटून जाऊ म्हणून न सांगता वळली. मुलाचे चुलते बापूराव, त्यांची बायको आणि आणखी एक म्हातारे गृहस्थ. मी आईची भाकरी घेऊन खळ्यावरून आले होते. केसांत भुसा, हातांना कूस. बापूराव अंगणात गुरांच्या मधे उभे राहून घराकडे बघत होते.

"हे घर कुनाचं म्हनायचं?" त्यांनी विचारलं.

"आमचंच की. या, बसा," आई म्हणाली. म्हणाली खरी, पण बसवणार कशावर? वाकळेवर? तिनं मला खूण केली आणि मी पळत जाऊन गोठ्यातून घोंगडी आणली. ती अंथरली तेव्हा बापूरावांच्या बायकोनं आधी घोंगडीकडे बघितलं, मग गोठ्याकडे. पाण्याचा तांब्याही गोठ्यातूनच आला. तिनं तो नाकाशी नेऊन मग तोंडाला लावला.

आबा खळ्यावरून धापा टाकत आले. "पावनं, हे असं दिसतंय ते आमचं न्हाई. सिनिमाचं हाय."

बापूरावांनी भेगेकडे बघितलं, वर कोळिष्टकाकडे बघितलं. "सिनिमात असली घरं असत्यात व्हय? आमी बघितल्यात की सिनिमे, आबा. राजवाडं असत्यात. झुंबरं असत्यात. ह्ये बघायला पैसं कोन दिल?"

माणूस खरं बोलत होता. तोवर जो सिनेमा लोकांनी पाहिला होता त्यात राजवाडेच होते, आणि त्यांतले दोन-चार दादानंच सजवलेले. आबा म्हणाले, "चला, आमची भांडी दावतो." आणि त्यांना घेऊन गोठ्यात गेले. तिथे गव्हाणीत आईची घासलेली घंगाळं, हंडे, ताटं ओळीनं मांडलेली. बापूरावांनी एकेक भांडं पाहिलं. "भांडी गोठ्यात, आन गुरं अंगनात," एवढंच ते म्हणाले, आणि चहा न घेता निघाले. आई त्यांना पोचवायला बांधापर्यंत गेली. परत आली ती घराकडे न बघता खळ्यावर गेली आणि उफणायला उभी राहिली.

दादाला दुसऱ्या दिवशी कळलं. स्टुडिओतल्या सेटांचे फोटो घेऊन तो तडक कासारवाडीला गेला. हे बघा, हा राजवाडा मी केला, ही खोटी भिंत, तसंच ते घर, ती गरिबी खोटी. बापूरावांनी सगळे फोटो नीट पाहिले. आता पटलं त्यांना. मग त्यांनी विचारलं, "म्हंजी पोरीचा भाऊ रंगारी न्हाई? सिनिमात हाय?"

दादानं फोटो गोळा करायला घेतले.

"कालपतूर नुसती गरिबी व्हती, राव," बापूराव म्हणाले. "ती आमाला चालली असती."

हे दादानं घरी येऊन जसंच्या तसं सांगितलं. गरिबीनं मोडलं नव्हतं ते खरं सांगितल्यानं मोडलं. आई सुपात ज्वारी पाखडत होती. ती म्हणाली, "मंग गरीबच ऱ्हायचं व्हतं." पाखडणं थांबलं नाही.

मी मात्र रडले नाही. मला संताप आला, आणि तो इतक्या दिशांना होता की कुठून सुरुवात करावी कळेना. कासारवाडीच्या माणसांनी नाक मुरडलं तर ते मी सोसलं असतं. पण माझी शाळा, माझी गाडी, माझं पुणं एका कुंचल्यानं काढलेल्या भेगेतून गळून गेलं, आणि ज्यांच्यासाठी गेलं त्या साहेबांना ते कळलंदेखील नाही. कामाचे दिवस संपले, त्यांनी आईला नमस्कार केला, आबांना शाल दिली आणि गाड्या धुरळा उडवत गेल्या.

आईनं त्याच दिवशी पांढरी माती भिजत घातली. भिंती झाल्या, काव झाली, कोळिष्टकं काढता काढता तिच्या बोटांना रबर चिकटलं. पण ती भेग जाईना. पोतेरं ओलं असेपर्यंत भिंत पांढरी दिसायची. वाळली की आतून काजळी वर यायची आणि भेग पुन्हा उभी. दुसरा हात दिला, तिसरा दिला. शेवटी तिनं विळ्यानं तेवढी भिंत खरवडून काढली आणि नव्यानं लिंपली. हे सगळं ती दादादेखत करत होती. तो "आये, मी करतो" म्हणाला तर तिनं विळा सोडला नाही.

सिनेमा लागला तेव्हा दादानं आम्हाला पुण्याला नेलं. आमच्या घरात एक म्हातारी खोकत खोकत मेली. सगळं थिएटर मुसमुसत होतं. आई पुढे झुकून बघत होती, आणि त्या शांततेत ती चांगली मोठ्यानं म्हणाली, "एवढी माणसं हायती घरात, एकजन झाडत न्हाई व्हय?" मागून शुक शुक झालं. मला आधी हसू आलं, मग कळलं. ती सिनेमा बघतच नव्हती. ती तिचं घर शोधत होती.

मी शिकले ते दोन वर्षं वाया घालवून, पुण्यात मावशीकडे राहून. चिंचवडच्या शाळेत लागले, तिथल्याच एका मास्तरांशी लग्न झालं, सगळं ठीक झालं. आणि गंमत बघा, नोकरी संपल्यावर घर घेतलं ते कासारवाडीत, स्टेशनच्या अलीकडे. गाडीचा आवाज आला की अजून वाटतं, हिच्यात मी दोन वर्षं आधी बसणार होते.

दादाचं मात्र त्या सिनेमानं नाव झालं. मुंबईनं बोलावलं. ज्यांना गाव हवं त्यांना दत्तोबा हवा, असं झालं. पुढे टीव्ही आला तेव्हा मालिकांची घरं त्याच्याकडे. श्रीमंतांचे दिवाणखाने, त्यांत कुणी कधी न चढणारे जिने, आणि गरिबांच्या खोल्या, त्यांत ठरलेलं पोचे आलेलं भांडं. मी ते बघायची आणि आतल्या आत धुमसायची. दिवाळीला भेटला की भांडण ठरलेलं.

"विहिरीवरून तीन खेपा करून पाणी आणणारी बाई धूत नाही, पुसत नाही, हे तुला कुणी सांगितलं?"

"इंदे, पांढरी भिंत कॅमेऱ्यात चमकते गं. माणसाचं तोंड काळं पडतं."

"मग तोंडावर दिवा टाका."

"दिवे कमी असतात." मग तो म्हणायचा, "मी श्रीमंतांची घरंही खोटीच करतो की."

"त्या खोट्या घरांमुळे त्यांची लग्नं मोडत नाहीत."

यावर तो उठून अंगणात जायचा. कॅमेऱ्याचं तो सांगायचा ते खरं असेलही. पण चमकणाऱ्या भिंतीला मळ हा एकच उपाय असतो, हे मला कुणी पटवू शकलं नाही. ज्यांच्या स्वयंपाकघरात नळ आहे त्यांनी ठरवायचं की ज्यांच्याकडे नळ नाही ती माणसं मळकी. मग त्या माणसांची मुलं पडदा बघून ठरवणार की आपण मळके होतो. माझा नातू तेच तर म्हणत होता, एकदम ओरिजिनल.

दादा सत्तरीला टेकला तेव्हा चिंचवडच्या एका मंडळानं त्याचा सत्कार ठेवला. मोठं सभागृह, खच्चून गर्दी. पडदा वर गेला. मंडळाच्या हौशी कार्यकर्त्यांनी स्टेजवर 'दत्तोबांचं मारुंजीतलं जन्मघर' उभं केलं होतं. मातकट भिंत. चिंध्यांची वाकळ. कोळिष्टक. आणि मधोमध भेग. त्यांनी ते कुठून घेतलं असणार? दादाच्याच सिनेमातून. दादा त्या भेगेखाली खुर्चीवर हार घालून बसला होता आणि मान वर करत नव्हता.

माझ्या शेजारी एक साठीची बाई होती, चांगली हसतमुख. मी सत्कारमूर्तींची बहीण हे कळल्यावर तिनं ओळख सांगितली. कासारवाडीची, बापूरावांची सून. "आमचे मामंजी सांगायचे हो तुमच्या घराचं," ती अगदी मायेनं म्हणाली. "आम्हाला खरं वाटायचं नाही. आज डोळ्यांनी बघितलं. कशातून वर आलात तुम्ही."

मी उठले. गुडघे दुखत होते तरी पायऱ्या चढून स्टेजवर गेले. एक कार्यकर्ता आडवा आला, त्याला बाजूला केलं, आणि दादाच्या कानाशी वाकून एवढंच बोलले, "दादा, कासारवाडीची माणसं समोर बसली आहेत."

त्यानं माझ्याकडे बघितलं. मग खुर्चीचे हात धरून उभा राहिला, टेबलावरच्या पेल्यात रुमाल बुडवला आणि भिंतीकडे वळून भेग पुसायला लागला. पण तो साधा पाण्याचा काळा रंग होता. तो पुसला गेला नाही, पसरला. दादा पुसत गेला तसा भिंतीवर हातभर काळा डाग झाला, त्याच्या बाहीवर आला, हाराच्या फुलांवर आला. सभागृहात कुणाला काही कळेना. मग तो माइकपाशी आला. म्हणाला, "आमच्या आईचं घर पांढरं होतं." एवढंच बोलून तो खाली बसला.

लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. त्यांना वाटलं, म्हातारा जुन्या दिवसांच्या आठवणीनं गहिवरला. खाली आले तर बापूरावांची सून डोळे पुसत होती. दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो आला. त्यात तो काळा डाग होता, आणि खाली छापलं होतं, 'मोडक्या घरातून रुपेरी पडद्याकडे.'

दादा त्यानंतर फार वर्षं राहिला नाही. मारुंजीचं घर पडून तिथे चार मजले झाले. आईचा एकही फोटो घरासमोर काढलेला नाही. घर आहे ते फक्त त्या सिनेमात, आणि ते आमचं नाही. ते घर बघितलेलं आता मीच एक उरले आहे. तेव्हा दर सुगीला जीव जाळण्यापेक्षा सरळ लिहून टाकते. घर पांढरं होतं. आढ्याला जळमट नव्हतं. भांड्यांवर दुपारचं ऊन पडायचं. खाली वीतभर काव होती, आणि तिची रेघ माझ्या आईनं दोरी न लावता ओढलेली होती. ती सरळ होती.